धोंडीबाचा बर्फ आणि आमची गेज रूम

थर्मामीटर कॅलिब्रेट करणं म्हणजे माझ्या डाव्या हातचा मळ. उगाच बढाई नाही मारत. पिंपरीच्या कंपनीत माझी अख्खी नोकरी गेज रूममध्ये गेली. मोजायची साधनं बरोबर मोजतात की नाही, हे तपासणारे आम्ही. आमच्या टॅगशिवाय तिथे साधी फूटपट्टी हलत नसे. हिरवा टॅग म्हणजे पास, पिवळा म्हणजे रीवर्क, लाल म्हणजे रिजेक्ट. एकदा लाल लागला की मोठ्या साहेबाचंही काही चालायचं नाही. आता कंपनीच्या जागी टॉवर उभे आहेत, आणि मी दापोडीच्या घरात बसून बायकोला कोथिंबीर निवडून देतो.

बायको, म्हणजे प्रभावती, डबे करते. परवा चाकणच्या एका कंपनीने तिला कॅन्टीनची ऑर्डर द्यायचं ठरवलं. त्याआधी त्यांच्या मॅडम स्वयंपाकघर तपासणार होत्या. जेवण पासष्ट डिग्रीच्या वर गरम हवं, आणि ते मोजणारा थर्मामीटर तपासलेला हवा. या ऑर्डरसाठी प्रभावतीने जिवाचं रान केलं होतं. भिंती स्वतः रंगवल्या होत्या बाईने.

"अहो, थर्मामीटर बाहेरून तपासून आणायचा का?" तिने विचारलं.

"घरात गेज रूम असताना बाहेर कशाला?" मी म्हणालो आणि आमच्या दोघा जुन्या भिडूंना फोन लावला.

ज्ञानदेव आणि समाधान अर्ध्या तासात हजर. ज्ञानदेव तर कंपनीचा जुना शर्ट इस्त्री करून घालून आला होता. पोटावरची दोन बटणं लागत नव्हती, पण खिशावरचं नाव अजून वाचता येत होतं. त्याला बघून मला एकदम भरून आलं. मी कपाटातून टॅगचा गठ्ठा काढला. कंपनी बंद झाली त्या दिवशी लोकांनी खुर्च्या नेल्या, पंखे नेले. मी टॅग आणले होते.

पद्धत सोपी. ग्लासात बर्फाचा चुरा गच्च भरायचा, वर थोडं पाणी घालून ढवळायचं, थर्मामीटरची दांडी आत धरायची. काटा शून्यावर यायला हवा. नाही आला तर तबकडीखालचा नट पान्याने फिरवून शून्यावर आणायचा. इथे बर्फ हा मास्टर, म्हणजे ज्याच्याशी ताडून बघायचं तो, आणि मास्टरवर शंका घ्यायची नाही, हा गेज रूमचा पहिला नियम.

पण आमच्या फ्रीजरमध्ये मटार आणि आलं-लसणाची पेस्ट. बर्फाला जागाच नाही.

"धोंडीबाकडे जाऊ," ज्ञानदेव म्हणाला, आणि तिघांचेही चेहरे उजळले.

धोंडीबा म्हणजे आमच्या गेटवरचा कुल्फीवाला. सेकंड शिफ्ट सुटली की त्याच्या गाडीभोवती निम्मी कंपनी उभी असायची. आता तो पलीकडच्याच गल्लीत राहतो. गेलो तर अंगणात पिंप भरत बसलेला. आम्हाला बघून उठलाच.

"गेज रूमवालं न्हवं का तुमी? माझी कुल्फी व्हर्नियरनं मोजली व्हती."

"बारीक झाली होती, धोंडीबा," समाधान म्हणाला.

"व्हय, झाली व्हती," धोंडीबा हसला.

मग काय, बसलोच. कुल्फ्या झाल्या, मेलेल्यांची आठवण झाली, जिवंत माणसांची निंदा झाली. किती वर्षांनी इतकं हसलो असेन. निघताना धोंडीबाने कुल्फीच्या साच्यांभोवतीचा बर्फ डबा भरून दिला. त्याच्या पिंपातला बर्फ सगळ्यात थंड, हे आम्हाला ठाऊकच होतं.

घरी येऊन दांडी ग्लासात धरली. काटा शून्याच्या खाली, थेट उणे सहावर.

"बघ, बिघडलेलाच होता," मी विजयी सुरात म्हणालो. नट फिरवून काटा शून्यावर आणला. उकळत्या पाण्यातही बघायला हवं होतं, पण शेगड्यांवर डाळ-भात, आणि प्रभावतीचा चेहरा बघून शेगडी मागायची छाती झाली नाही. हिरव्या टॅगवर पूर्वीसारख्या तिघांनी सह्या ठोकल्या.

दुपारी दीक्षा मॅडम आल्या. आमच्या मुलीच्या वयाची पोरगी. टॅग बघून खूश झाली, आणि एका शेगडीवर पाणी उकळायला ठेवून थर्मामीटर त्यात धरला. काटा एकशेचारवर.

"काका, तुमचं पाणी शंभराच्या वर कसं उकळतं?"

"दापोडीचं पाणी जड असतं, मॅडम," समाधान म्हणाला. त्याच्या घशाला कोरड पडली होती. त्याने ओट्यावर राहिलेला आमचा बर्फाचा गार ग्लास उचलून तोंडाला लावला आणि तसाच मोरीकडे पळाला.

"खारट आहे हे," तो थुंकत म्हणाला.

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. कुल्फी घट्ट व्हायला बर्फात मीठ घालतात, आणि मीठ घातलेला बर्फ शून्याच्या कितीतरी खाली जातो. थर्मामीटर आधी बरोबर होता, बिघडवला आम्ही. आता डाळ साठ डिग्रीची असती तरी त्याने सहासष्ट दाखवली असती.

प्रभावती पदराशी चाळा करत उभी होती. गप्प बसावं, असं मनात आलं, खोटं कशाला बोलू. पण गेज रूमवाल्याचा हात. मी हिरवा टॅग काढला, लाल लावला आणि मॅडमना सगळं सांगितलं. कुल्फीसकट.

मॅडम आधी हसल्या, मग म्हणाल्या, "परत करा, मी थांबते. बर्फ शेजारून आणा."

शेजारच्या अंबुबाईंच्या फ्रीजमधला बर्फ आला. नट पुन्हा फिरला, काटा शून्यावर. उकळत्या पाण्यात अठ्ठ्याण्णव. मी सवयीने लाल टॅग उचलला, तर मॅडम म्हणाल्या, "राहू द्या काका. आपण समुद्रसपाटीपासून उंचावर आहोत, इथे एवढ्यावरच उकळतं." मग डाळ मोजली. ब्याऐंशी.

प्रभावतीला ऑर्डर मिळाली. थर्मामीटर दर महिन्याला तपासायचा, अशी अटही आली. म्हणजे ज्ञानदेव आणि समाधान आता दर महिन्याला येणार. ज्ञानदेवने शर्ट उसवून सैल करायला टाकलासुद्धा.

मॅडम गेल्यावर प्रभावतीने टॅगचा गठ्ठा उचलला, एक पिवळा काढला आणि माझ्या शर्टाच्या बटणाला बांधला.

"लाल नाही लावला वहिनींनी," ज्ञानदेव कानात पुटपुटला. "नशीब समज."

रीवर्कची मुदत किती, हे विचारायची हिंमत मला अजून झालेली नाही.