आइस्क्रीम पॉटची चाचणी

वस्तू पारखून घ्यायची असेल तर दाबक्यांना, म्हणजे मला, विचारावं, असं आमच्या टाउनशिपमध्ये सगळे म्हणत. निदान मी तरी म्हणत असे. भोपाळच्या एका सरकारी कारखान्यात मी तपासणी विभागात इंजिनिअर होतो. माझ्या सहीशिवाय साधा नटसुद्धा वर्कशॉपबाहेर जात नसे. ही सवय घरीही आली होती. प्रमिलेनं, म्हणजे माझ्या बायकोनं, एकदा नवी चाळणी आणली तर मी तिची भोकं मोजली. किती भरली हे आजतागायत मला कुणी विचारलेलं नाही.

एक्याऐंशी सालच्या एप्रिलमध्ये आमच्या मराठी मंडळाच्या बैठकीत ठरलं की, उन्हाळी मेळाव्याला विकतच्या कुल्फ्या आणण्यापेक्षा मंडळाचा स्वतःचा आइस्क्रीम पॉट घ्यावा. लीलावतीबाई खरे मंडळाच्या अध्यक्ष होत्या. शाळेतून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या, त्यामुळे त्यांनी प्रश्न विचारला की सगळे सरळ बसत.

"हाताचा घ्यायचा की विजेचा?" त्यांनी विचारलं.

मी उभा राहिलो. "चाचणी घेतल्याशिवाय कसं सांगणार? माझ्यावर सोडा."

त्यांनी सोडलं. त्यांच्या कारकिर्दीतली तेवढी एकच चूक.

दुसऱ्या दिवशी मी जवाहर चौकात गेलो. ओळखीच्या शेठनी दोन्ही मॉडेलं समोर ठेवली. हाताचा पॉट म्हणजे एक लाकडी बादली, तिच्यात दुधाचा डबा, बाजूला फिरवायचा दांडा. डब्याभोवती बर्फ आणि जाडं मीठ भरायचं आणि दंड दुखेपर्यंत फिरवत राहायचं. विजेचं मॉडेल म्हणजे ॲल्युमिनियमचा देखणा डबा आणि झाकणावर इवलीशी मोटर. तो फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यात ठेवायचा, वायर दारातून बाहेर काढायची आणि पेपर वाचत बसायचं.

"दोनों ले जाइए साहब, चलाके देखिए. जो पसंद न आए, लौटा दीजिए," शेठ म्हणाले. "बस, हाथवाले में एक बात का ध्यान रखना पड़ता है..."

"शेठजी, मैं इंजिनिअर हूँ," मी म्हणालो.

शेठ पॉट बांधून देऊ लागले.

खरं सांगायचं तर निकाल मी मनात आधीच लावून टाकला होता. विजेचा पॉट जिंकणार होता. पण चाचणी तर रीतसर व्हायला हवी. हाताचा पॉट फिरवायला मी आमच्या शॉपमधल्या बाळकृष्ण गोतमाऱ्यांना बोलावलं. हे फिटर. मूळचे नागपूरचे. चाळिशीचे, कमी बोलणारे, आणि हातात अशी सफाई की त्यांनी केलेला जॉब, म्हणजे घडवलेला सुटा भाग, तपासताना मला कंटाळा येई. चाचणी ठरली त्या रविवारी ते बायकोला घेऊन शिवाजी नगरला मेहुणीकडे जाणार होते. मी बोलावलं म्हणून त्यांनी जाणं रद्द केलं. "येतो जी," एवढंच म्हणाले.

मंडळाच्या फळ्यावर मी खडूनं लिहिलं, "रविवारी सकाळी दहा वाजता दाबके यांच्याकडे आइस्क्रीम पॉटची चाचणी. गुण देण्यासाठी चार सभासदांनी यावे."

आता मराठी आणि हिंदीची लिपी एकच, हे माझ्या लक्षात यायला हवं होतं. टाउनशिपमध्ये चार घरं मराठी तर चाळीस हिंदी. येणाऱ्याजाणाऱ्यांनी त्या फळ्यावर 'दाबके', 'रविवार' आणि 'आइस्क्रीम' एवढे तीन शब्द वाचले. त्यातून त्याच आठवड्यात बढत्यांची यादी लागायची होती. शनिवारपर्यंत साऱ्या वसाहतीला कळलं की दाबके साहब का प्रमोशन हो गया और संडे को आइस्क्रीम खिला रहे हैं.

हे मला सोडून सगळ्यांना माहीत होतं.

रविवारी पहाटे सहाला मी विजेचा पॉट फ्रीजमध्ये ठेवला. वायर मधे आल्यामुळे फ्रीजचं दार लागेना, म्हणून ते प्रमिलेच्या परकराच्या नाडीनं बांधून टाकलं. दहाच्या सुमारास अंगणात कडुलिंबाखाली गोतमारे हाताचा पॉट घेऊन बसले. बादलीत बर्फ आणि मीठ पार झाकणाच्या वरपर्यंत चेपून भरलं आणि ते दांडा फिरवू लागले.

दहाला चार माणसं यायची होती. सव्वादहापर्यंत तीस आली. वाट्या, चमचे, मुलं आणि एकाची सासूसुद्धा. जो तो माझा हात धरून "बधाई हो" म्हणत होता. मला वाटलं, चाचणीबद्दल लोकांमध्ये चांगलाच उत्साह आहे. तेवढ्यात आमचे विभागप्रमुख सक्सेनासाहेब मिठाईचा डबा घेऊन फाटकातून आत आले.

"दाबके, लिस्ट तो अभी मेरे पास भी नहीं आई," ते हळूच म्हणाले, "तुमको कहाँ से मिल गई?"

तेव्हा सगळा उलगडा झाला. तिथल्या तिथे खरं सांगून टाकता आलं असतं. पण तीस माणसं, तीस वाट्या. मी म्हणालो, "सर, बस छोटा-सा प्रयोग है. बैठिए."

साहेब बसले. आता हे आइस्क्रीम नुसतं जमून चालणार नव्हतं, अप्रतिम व्हायला हवं होतं. मी शॉपमधून आणलेला थर्मामीटर काढला. दर पाच मिनिटांनी मी गोतमाऱ्यांना थांबवायचो, झाकण उघडायचो, आतलं तापमान घ्यायचो, वहीत लिहायचो आणि झाकण लावायचो.

"साहेब, झाकण..." गोतमारे एकदा म्हणाले.

"रीडिंग घेतल्याशिवाय चाचणीला अर्थ काय, गोतमारे?"

थोड्या वेळानं ते पुन्हा म्हणाले, "साहेब, ते झाकण..."

"तुम्ही फिरवा हो."

त्यांनी फिरवलं. चाळीस मिनिटांनी दांडा जड झाला. आइस्क्रीम छान घट्ट जमलं होतं, केशराचा रंगही सुरेख उतरला होता. पहिली वाटी मी सक्सेनासाहेबांना दिली. त्यांनी मोठा चमचा भरून तोंडात घातला. मग त्यांची हनुवटी थांबली.

"दाबके, इसमें नमक है क्या?"

तोवर मुलांनीही वाट्या तोंडाला लावल्या होत्या. कुणी थुंकलं, कुणी रडू लागलं. ती सासू मात्र चमच्यामागून चमचा खात होती. नंतर कळलं, तिला ताप येऊन गेल्यामुळे चवच नव्हती.

सगळे माझ्याकडे पाहत होते. आणि मी गोतमाऱ्यांकडे पाहिलं. पुढचं लिहिताना आजही माझे कान गरम होतात. सर्वांना कळावं म्हणून मी मोठ्यानं, तेही हिंदीत बोललो.

"क्या गोतमारे, नमक डालते वक्त देखा नहीं? इतना-सा काम दिया था आपको."

गोतमारे उठले. त्यांच्या उजव्या तळव्यावर फोड आला होता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, जरा जास्तच वेळ पाहिलं.

"चूक झाली, साहेब," ते म्हणाले, आणि लोकांच्या खारट वाट्या गोळा करून नळाखाली धुवायला बसले.

फाटकाशी त्यांची बायको सिंधूताई उभ्या होत्या. चव बघायला म्हणून घरून वाटी घेऊन आल्या होत्या. त्या रिकामी वाटी घेऊन परत गेल्या.

मग मी विजेचा पॉट उघडला. आत गार दूध होतं. नाडीनं बांधलेलं दार किलकिलंच राहिल्यामुळे ते जमलंच नव्हतं. मी ते पेल्यांत ओतून मिल्कशेक म्हणून वाटलं. ऊन रणरणत होतं, लोक प्यायले. संध्याकाळी मी अहवाल लिहिला. विजेचं मॉडेल, पसंत. हाताचं मॉडेल, नापसंत. कारण, डब्याला गळती किंवा हाताळणाऱ्याची हलगर्जी.

सोमवारी गळका पॉट परत करायला जवाहर चौकात गेलो. शेठनी डब्यात पाणी भरलं, तो वर्तमानपत्रावर ठेवला आणि चहा मागवला. चहा संपला तरी कागद कोरडाच होता.

"ढक्कन बीच में खोला था क्या?" त्यांनी विचारलं.

"हर पाँच मिनिट में. टेम्परेचर के लिए."

शेठनी कप खाली ठेवला. हसले असते तर बरं झालं असतं. "साहब, सारा नमक तो ढक्कन पर ही बैठा रहता है. खोलोगे तो अंदर ही जाएगा. उस दिन यही बता रहा था मैं."

चाळीस मिनिटं, आठ रीडिंगं. आठ वेळा मी तपासणी केली होती आणि आठही वेळा आत मीठ घातलं होतं.

परत येताना स्कूटरवर पहिला विचार काय आला, तेही सांगतो. हे शेठशिवाय कुणालाच माहीत नाही, असा आला. मंगळवारी शॉपमध्ये गोतमाऱ्यांनी नेहमीसारखा नमस्कार केला आणि तपासायला जॉब पुढे ठेवला. त्यांच्या तळव्याला पट्टी होती. मला सही करता येईना. पेन चालत नाही म्हणालो.

त्या संध्याकाळी प्रमिलेला सांगितलं. ती कपड्यांच्या घड्या घालत होती, हात थांबले नाहीत.

"मला माहीत आहे. मी स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होते."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही बोलाल म्हणून थांबले होते."

मी तसाच चपला घालून गोतमाऱ्यांच्या क्वार्टरवर गेलो. दार सिंधूताईंनी उघडलं.

"या," त्या म्हणाल्या. "आता तुम्हीच तेवढे राहिले होते."

मला काही कळेना. आत बसल्यावर कळलं. रविवारी संध्याकाळीच लीलावतीबाई येऊन 'चूक तुमची नव्हती' असं सांगून गेल्या होत्या. सोमवारी प्रमिला डिंकाचे लाडू देऊन गेली होती. सक्सेनासाहेबांनी केबिनमध्ये बोलावून हाताची चौकशी केली होती. झाकण उघडताना मला सगळ्यांनी पाहिलं होतं. पाहिलं नव्हतं ते फक्त मी.

"चूक माझी होती, गोतमारे," मी म्हणालो. वाटेत पाठ केलेलं बाकीचं आठवेना.

"मीच जोरात सांगायला पाहिजे होतं जी."

"तुम्ही सांगितलं होतं."

"हो," ते म्हणाले. "दोनदा."

सिंधूताईंनी चहा पुढे ठेवला. "बोललात ते तीस लोकांसमोर," त्या म्हणाल्या. आवाज साधाच होता. "इथं आपण तिघंच आहोत."

मेळावा मे महिन्यात झाला. लीलावतीबाईंनी माझा अहवाल न वाचता हाताचा पॉट घेतला. गोतमाऱ्यांनी फिरवायला सुरुवात केली तेव्हा मी सर्वांसमोर उभा राहिलो आणि झालेलं सगळं सांगितलं, आधी मराठीत आणि मग हिंदीत. गोतमाऱ्यांची माफी मागितली. कुणी हसलं नाही, कुणी टाळ्याही वाजवल्या नाहीत. एका मुलीनं आईला विचारलं, "आजपण खारट आहे का?"

मी मागे जाऊन उभा राहणार होतो. तेवढ्यात गोतमाऱ्यांनी हाक मारली. "साहेब, इकडे या."

त्यांनी पॉटवर गोणपाटाची जाड घडी टाकली होती. "बसा यावर."

"यावर?"

"शेवटी दांडा जड झाला की बादली हलते. वर वजन लागते जी."

अख्ख्या मंडळासमोर मी पॉटवर बसलो. गोतमारे माझ्या मांडीशेजारी दांडा फिरवत राहिले. गारवा गोणपाटातून वर येत होता आणि त्याच्या मागोमाग पाणीही. वीस मिनिटं मी जागचा हललो नाही. मग गोतमारे म्हणाले, "झालं."

मी शेजारच्या बाकावर सरकलो, त्यांनी डबा काढला, आइस्क्रीम वाढायच्या टेबलावर गेलं, लोकांची रांग लागली. लीलावतीबाईंनी मला वाढायला बोलावलं. मी अर्धवट उठलो, हातानं पँटची चिंब झालेली मागची बाजू चाचपली आणि पुन्हा बसलो. गोतमाऱ्यांनी ते पाहिलं.

"बसून राहा साहेब," ते हळूच म्हणाले. "मी आणून देतो."

बसून राहिलो. सगळे घरी जाईपर्यंत.