भासऱ्यांशी बोलायला शिपाई

पार्बताबाईंना भांडायचं असलं की त्या आधी ठाण्यावर जात, शिपाई घेऊन येत आणि मग भांडत.

पवनीच्या शाळेत माझी बदली झाली आणि त्यांच्या शेजारी मी खोली घेतली, ती आणीबाणीच्या आधी. तिसऱ्याच दिवशी शेजारच्या अंगणात खाकी कपडे दिसले आणि मी धावत कुंपणाशी गेलो. आमच्या साताऱ्याकडे दारात पोलीस आला म्हणजे घरात खून तरी झालेला असतो, नाहीतर चोरी. इथे शिपाई बाजेवर बसून चहा पीत होता. एका बाजूला पार्बताबाई, नाकापर्यंत पदर ओढून, भिंतीकडे तोंड करून उभ्या. दुसऱ्या बाजूला त्यांचे भासरे दामाजी, म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ.

"त्यायले सांगा, बैल माह्या दारातून सोडा म्हना."

"बैल सोडा म्हणते," शिपाई म्हणाला.

"तिले सांगा, अंगन माह्या बापाचं हाय."

"अंगण बापाचं आहे म्हणतात."

"तो बाप माह्या नवऱ्याचाबी होता म्हना!"

दोघांनाही एकमेकांचं सगळं ऐकू येत होतं. मग हा दुभाष्या कशाला? तर भासऱ्यासमोर भावसुनेनं तोंड उघडायचं नाही, अशी रीत. याच भासऱ्याविरुद्ध पार्बताबाई भंडाऱ्याच्या कोर्टात गेल्या होत्या. विधवेला एका खोलीत मरेपर्यंत राहायचा हक्क, असा निकाल घेऊन आल्या होत्या. रीत मात्र मोडली नाही. "कोर्ट कोर्टाच्या जागी, गुरुजी. मोठे हायेत ते," असं मलाच समजावलं. हसावं की हात जोडावेत, कळेना. निकालाचा कागद त्या धानाच्या ढोलीत, म्हणजे बांबूच्या कणगीत, ठेवीत. उंदीर लागतील म्हटलं तर म्हणत, "उंदीर सरकारी कागद खात नाई."

माझं हसणं एका रोवणीत, भातलावणीच्या दिवसांत, पार आटलं. दिवसभर दुसऱ्याच्या बांधीत, भातखाचरात, रोवणी करून बाई चिखलाच्या पायांनी परतल्या, तर खोलीला दामाजींचं कुलूप, आणि त्यांची भांडी, गोधडी, ढोली, सगळं अंगणात पावसात. मी हादरलो. एकटी बाई, मूलबाळ नाही, माहेर संपलेलं. ही खोली गेली की दुसरं छप्पर नव्हतं. पार्बताबाईंनी भिजल्या धानातून कागद उकरून काढला आणि ठाणं गाठलं. फौजदारांनी निकाल वाचला, शिपाई दिला, पंचांसमोर कुलूप तोडलं. पंचांत मीही होतो. बाई भिंतीकडे वळून एवढंच म्हणाल्या, "त्यायले सांगा, कुलूप चांगलं होतं, बेकार तोडा लागलं."

पुढे दहा-बारा वर्षं बैल, विहीर, केरकचरा असं काही ना काही चालूच राहिलं. दामाजींची बायको वारली. दोन्ही मुलांनी घर वाटून घेतलं. आणि एका दुपारी मी शाळेतून आलो तर दामाजी अंगणात वळकटीवर बसलेले. मुलांनी बाहेर काढलं होतं. खरं सांगतो, मला आधी बरं वाटलं.

पार्बताबाई ठाण्याकडे निघालेल्या दिसल्या. ही बाई आता तिथे पेढे वाटते की काय, म्हणून मीही मागोमाग गेलो.

"एक शिपाई द्या, साहेब."

"आता काय केलं भासऱ्यांनी?" फौजदार वैतागले.

"त्यायनं काई नाई केलं. त्यायले पोट्ट्यायनं घराबाहेर काढलं. मी माह्या खोलीत ठेवतो त्यायले. पोट्टे आडवे येतीन, म्हनून शिपाई पायजे."

"खोली एकच आहे ना, बाई? मग तुम्ही कुठे राहणार?"

"मी ओसरीत झोपीन."

मी थक्क झालो, आणि चिडलोही. "अहो, ज्यानं तुमचा संसार पावसात फेकला, त्याला?"

बाईंचे डोळे भरून आले होते, तरी आवाज चढाच होता.

"मंग काय करू, गुरुजी? माह्या दारात बैल बांधाले, माह्यावर चिडाले, तेच तं एक मानूस उरलं हाय त्या घरात. पोट्टे तं मी हाओ का मेली, थेबी पाहत नाई."