हप्ता बारीक

सोमवारी वृषालीनं कंपनीतली पहिली पाळी बुडवली, कारण तिच्या सासऱ्यांनी घराचं कर्ज फेडायचा मुहूर्त काढला होता. बारामतीतल्या त्यांच्या रो-हाउसच्या फाटकावर सकाळीच फ्लेक्स लागला होता. 'गृहकर्जमुक्ती सोहळा' अशी अक्षरं आणि त्याखाली मानसिंगराव आबांचा दरवाजाएवढा फोटो. कोपऱ्यात मुलगा रणजित, पासपोर्टच्या मापाचा. ज्या सुनेच्या पगारातून दहा वर्षं हप्ता गेला तिचा फोटो नव्हता. फ्लेक्सवाला म्हणाला, जागाच उरली नाही.

आबा राहायचे इंदापूर तालुक्यात, कळसला. गावच्या विकास सोसायटीत त्यांनी वीस वर्षं संचालकाची खुर्ची उबवली होती आणि पुढच्या महिन्यात त्यांना चेअरमन व्हायचं होतं. कर्ज हा विषय आपण कोळून प्यायलोय, असं त्यांचं स्वतःचं प्रामाणिक मत होतं. सोसायटीचं पीककर्ज उचलायचं, एकतीस मार्चच्या आत भरायचं आणि एप्रिलात परत उचलायचं. याला 'नवं-जुनं' म्हणतात. वेळेत भरलं की व्याज सरकारच्या खाती. या नवं-जुन्यावर आबांचं सगळं आयुष्य गेलं होतं आणि त्यातून त्यांचा एक पक्का समज झाला होता, की व्याज फक्त थकबाकीदाराला लागतं.

घरासाठी पंचवीस लाखांचं कर्ज काढलं तेव्हा आबा जामीनदार होते. जामीनदारानं सही करून चहा प्यायचा असतो, पण आबांनी सगळा व्यवहारच हातात घेतला.

"आबा, पंधरा वर्षांचं घेऊ," वृषाली तेव्हा म्हणाली होती. "हप्ता तीनेक हजारानं वाढंल, पण लवकर मोकळं होऊ."

आबा बँकेच्या साहेबांकडं बघून हसले होते. "पोरीला काय कळतंय व्यवहारातलं! साहेब, तुमी वीस वर्षं करा. हप्ता बारीक पाडा."

गवंड्याला खडी बारीक पाड म्हणावं तसं ते म्हणाले आणि साहेबांनी अगदी आनंदानं पाडून दिला. बावीस हजार पाचशे. असं बोलणारं गिऱ्हाईक भेटलं तर कुठली बँक नको म्हणेल? रणजितला विचारलं तर तो म्हणाला, "आबा म्हणत्यात तसं." रणजित एमआयडीसीत सुपरवायझर होता, हाताखाली चाळीस माणसं होती आणि घरी तो एवढं एकच वाक्य बोलायचा. बँकेची पाकिटं कळसच्या पत्त्यावर जात आणि आबा ती न फोडताच ठेवत. हप्ता वेळेवर जातोय तर त्यात बघायचं काय?

यंदा दहा वर्षं झाली आणि आबांनी घरात बैठक घेतली.

"वीस वर्षांतली धा सरली. म्हंजी अर्धं कर्ज फिटलं. फड अर्धा तोडला की अर्धाच ऊस उभा राहतोय, व्हय का न्हाय? राहिलं साडेबारा लाख. रस्त्याकडंचं दोन गुंठं विकलं म्या. चेक तयार हाय. आता घर मोकळं."

हे ऐकून वृषालीला सासऱ्यांबद्दल पहिल्यांदाच मनापासून आदर वाटला. ती दूध प्रकल्पाच्या प्रयोगशाळेत होती. पहाटे साडेपाचला स्कूटी काढायची, तेव्हा लेक श्रेया झोपेत असायची. पोरीचा डबा शेजारच्या आक्काबाई भरायच्या. जवळच्या शाळेत प्रयोगशाळेचीच जागा निघाली होती, पगार निम्मा, पण वेळ दहाची. हप्ता संपला तरच ती परवडणार होती. वृषालीनं शाळेला जूनपासून येते म्हणून कळवूनही टाकलं. आदर कधी घाईनं करू नये, हे तिला त्या सोमवारी समजलं.

कळसहून दोन जीपा आल्या. हलगी आली, गुलाल आला, दहा किलो पेढे आले. सर्जेरावही आला. सर्जेराव म्हणजे चेअरमनपदाचा दुसरा उमेदवार. तो आबांच्या कौतुकाला आला नव्हता, काही विस्कटतंय का ते बघायला आला होता. मिरवणूक बँकेच्या दारात पोचली. सुरक्षा रक्षकानं हलगी आत नेऊ दिली नाही, तेव्हा आबा, रणजित आणि वृषाली असे तिघंच आत गेले. बाकीचे काचेला नाक लावून उभे राहिले.

राजलक्ष्मी मॅडम शाखेत नव्या होत्या. आबांनी टेबलावर चेक ठेवला, त्यावर पेढ्यांचा पुडा ठेवला.

"मॅडम, कर्ज बंद करा. बेबाकीचा दाखला लगेच द्या, भायेर माणसं खोळंबल्यात."

मॅडमनी संगणकात पाहिलं, चेक पाहिला, पुन्हा संगणकात पाहिलं. "कर्ज बंद करायचं तर सतरा लाख पंच्याहत्तर हजार लागतील."

"दुसऱ्याचं बघताय तुमी. आमचं बघा."

"तुमचंच आहे."

आबा समजूतदारपणे हसले. बाई नवी आहे, सांभाळून घेतलं पाहिजे, असं ते हसू होतं. "आवो, पंचवीस घेतलं. धा वर्षांत भरलं किती?"

"सत्तावीस लाख."

"मग? पंचवीस घेतलं, सत्तावीस भरलं, आन् अजून पावणेअठरा कसं?"

"सुरुवातीची वर्षं हप्त्यातला मोठा भाग व्याजात जातो," मॅडम म्हणाल्या. "तुमच्या पहिल्या हप्त्यातले पावणेएकोणीस हजार व्याजाचे होते. मुद्दल कमी झालं ते पावणेचार हजारांनी."

"पर आमी एक हप्ता थकवला न्हाय!"

"म्हणून तर एवढंच लागलं."

"आन् सरकारनं भरलेलं व्याज?"

"ते पीककर्जाचं. घराचं व्याज ज्याचं त्यानंच भरायचं."

आबांनी घाम पुसला. शेवटी त्यांनी त्यांच्या भात्यातला सगळ्यात खात्रीचा बाण काढला. "बरं, ह्याचं नवं-जुनं कवा असतंय?"

"ह्याचं नसतं."

वृषालीच्या डोक्यात मात्र हिशोब पुढं पळत होता. सत्तावीस लाखांपैकी घरापर्यंत पोचले सव्वासात. बाकीचे तिनं दहा वर्षं पहाटे उठून बँकेला भाडं म्हणून दिले होते. वीस वर्षं पुरी केली असती तर पंचवीस लाखांच्या घराचे चोपन्न लाख झाले असते. आणि आपण एकदाही पाकीट फोडून बघितलं नाही, याचा तिला आबांच्या इतकाच स्वतःचा राग आला.

"मॅडम, एक सांगता का? हेच पंधरा वर्षांचं असतं तर?"

मॅडमनी आकडे घातले. "आज सव्वाबारा लाख राहिले असते. म्हणजे या चेकमध्ये कर्ज बंद होऊन वर थोडे उरले असते."

रणजित पेढ्यांच्या पुड्याकडं बघत बसला. बाहेर सर्जेरावानं काचेवर टकटक केली आणि हातानंच 'झालं का?' असं विचारलं. आबांनी हातानंच 'झालंच' म्हणून सांगितलं. मग खाली वाकून ते हळू आवाजात म्हणाले, "मॅडम, कायतरी मार्ग काढा. चेक घेऊन माघारी गेलो तर निवडणुकीत डिपॉझिट ऱ्हात न्हाय माझं."

"माघारी कशाला न्यायचा? साडेबारा लाख जमा करू. राहतील सव्वापाच. मग दोन पर्याय आहेत. हप्ता आहे तोच ठेवून मुदत कमी करायची, नाहीतर मुदत तीच ठेवून हप्ता कमी करायचा. हप्ता कमी केला तर साधारण साडेसहा हजार बसेल."

आबांचा चेहरा असा उजळला, की बघणाऱ्याला वाटावं कर्ज माफच झालं. "साडेसहा! बावीसाचं साडेसहा! हप्ता बारीक करा मॅडम. राहिलेल्या सोळा हजारांत तर नवी जीप बसतीया. रणजितच्या नावावर उचलू, हप्ता सूनबाईच्या पगारातनं जाईल, तिला सवयच हाय."

आणि वृषालीनं तोंड उघडायच्या आत ते बाहेर गेले. काचेतून त्यांचं भाषण सगळं ऐकू येत होतं.

"मंडळी, बँकेला नमवलं! बावीस हजारांचा हप्ता साडेसहावर आणला!"

"पर कर्ज फिटणार होतं न्हवं?" सर्जेरावानं विचारलं.

"फेडून काय करतो? फिटलं की बँक वळख इसरती. थोडं ठिवायचं, हप्ता बारीक करायचा. ह्याला अभ्यास लागतो, सर्जेराव!"

माणसांनी माना डोलावल्या. कर्ज फेडायला येऊन कर्ज ठेवून चाललेल्या माणसावर गुलाल उधळला गेला. हलगी पुन्हा कडाडली.

आत मॅडमनी अर्ज पुढं सरकवला. "दोन्ही कर्जदारांच्या सह्या लागतील. एकाच पर्यायावर."

रणजितनं पेन उचललं. "हप्ता कमी. आबा म्हणत्यात..."

"थांबा," वृषाली म्हणाली. "मॅडम, दोन्हीकडं अजून किती भरावं लागंल?"

"हप्ता कमी केला तर दहा वर्षांत आठ लाख. मुदत कमी केली तर पाच लाख ऐंशी हजार, आणि सव्वादोन वर्षांत घर मोकळं."

"ऐकलंत? सव्वादोन वर्षं. न्हायतर धा वर्षं, वर जीप."

"पण तुझी ती शाळा?" रणजितनं विचारलं. त्याला शाळा आठवली, याचंच तिला आश्चर्य वाटलं.

"शाळेला नको म्हणून सांगते. अजून सव्वादोन वर्षं उठते पहाटे. पण धा वर्षं न्हाय उठायची मी, आन् जीपसाठी तर एक दिवस न्हाय."

"आबांना काय सांगू?"

"तुमी आजवर काय सांगितलंय त्यांना? तेच सांगा." तिचा आवाज चढला. "अहो, ते जामीनदार हायत. कर्जदार तुमी आन् मी. चाळीस माणसांना कामाला लावता तुमी, एक सही स्वतःच्या मनानं करून दाखवा की!"

रणजितनं काचेबाहेर पाहिलं. आबा गुलालानं एवढे माखले होते, की त्यांना आतलं काही दिसणं शक्य नव्हतं. त्यानं 'मुदत कमी' या चौकटीत खूण केली आणि चोरी केल्यासारखी घाईघाईनं सही ठोकली. मॅडमनी पहिल्यांदाच पुडा उघडून एक पेढा तोंडात टाकला.

आबा निवडून आले. हप्ता बारीक करणारा माणूस म्हणून त्यांचं आजूबाजूच्या गावांत नाव झालं. जीपचं कर्ज तेवढं नामंजूर झालं. घराचा हप्ता आधीच भरपूर आहे, असं बँकेनं कळवलं, पण आबांनी त्यावर विश्वास ठेवला नाही. सर्जेरावानंच वरून फोन केला असणार, याबद्दल त्यांच्या मनात शंका नव्हती. हप्ता कितीचा जातो हे त्यांनी पुढं कधी विचारलं नाही. वृषाली पहाटेची स्कूटी काढत राहिली आणि शाळेतल्या त्या जागेवर दुसरीच बाई लागली.

सव्वादोन वर्षांनी बँकेचा बेबाकी दाखला आला. रणजितनं तो बिचकत बिचकत आबांच्या हातात दिला. आबांनी चष्मा लावून तो दोनदा वाचला. आठ वर्षं आधीच कर्ज कसं फिटलं, असा प्रश्न कुठल्याही माणसाला पडला असता.

"बघितलंस?" ते वृषालीला म्हणाले. "हप्ता बारीक केला म्हणून लवकर फिटलं!"

वृषालीनं रणजितकडं पाहिलं. रणजितनं छताकडं पाहिलं. तिच्या तोंडाशी आलेलं सगळं तिनं गिळलं, कारण त्याच सकाळी तिनं कंपनीचा राजीनामा लिहिला होता आणि एका दिवसाला एवढं सुख पुरेसं होतं. दुसऱ्या एका शाळेनं तिला बोलावलं होतं.

पुढच्याच रविवारी आबा बारामतीला आले असताना कऱ्हाटी गावचा राजवर्धन बायकोला घेऊन त्यांच्याकडं सल्ल्याला आला. पंचेचाळीस लाखांचं घर घ्यायचं होतं. आबांनी मांडी घालून बैठक मारली. "हे बघ, कर्जात एकच गोष्ट ध्यानात ठिवायची. हप्ता बारीक पाहिजे. वीस कशाला, तीस वर्षं कर. आमचं बघ, कवाच फिटलं!"

राजवर्धन भारावून ऐकत होता. त्याची बायको रोहिणी मात्र कपाळाला आठ्या घालून बोटांवर काहीतरी मोजत होती. वृषालीनं तिला खुणेनं स्वयंपाकघरात बोलावलं आणि आधण ठेवलं.

"सह्या कुणाकुणाच्या लागणार हायत?"

"ह्यांची आन् माझी."

"सासऱ्यांची?"

"ते जामीनदार हायत."

"मग बोलू दे त्यांना काय बोलायचं ते," वृषाली म्हणाली. "बस हितं. चहा कडक घेतीस का?"