उडीचं बटण

आमच्या नाचणगावात प्रभाकरभाऊकडं व्हिडिओ गेम होता, पण तो एकट्याला खेळता येत नसे. साक्षात इंद्र आला असता तरी भाऊनं त्याला पिटाळलं असतं, "दोघं जणं घेऊन येजो!"

भाऊ टीव्ही दुरुस्त करी. नव्वदच्या सुमारास त्यानं गेमचा रिमोट फोडला, वायरी बाहेर ओढल्या आणि प्रत्येकीला दाराच्या घंटीचं एकेक बटण लावलं. डावं एकाकडं, उजवं दुसऱ्याकडं, उडी तिसऱ्याकडं.

"काऊन असं, भाऊ?"

"एकट्यानं जेवाव, एकट्यानं झोपाव. खेळाले माणसं लागते."

त्या गणपतीत त्यानं टीव्ही मांडवात मांडला. डावं बटण शाळेच्या मास्तरांकडं, उजवं स्वतःकडं. उडीचं मात्र गल्ली ओलांडून थेट वसंताच्या ओट्यावर.

वसंता म्हणजे भाऊचा सख्खा धाकटा भाऊ. वावराच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, दोघांचा सहा वर्षं अबोला. धुरा हातभर, भांडण वर्धा नदीएवढं. वायर टाकायलाही भाऊनं मलाच पाठवलं.

वसंतानं बटण उपटलं नाही, त्याला हातही लावला नाही. त्याच्या ओट्यावर चढायची दुसऱ्या कोणाची छाती नव्हती. रोज संध्याकाळी टीव्हीतला गडी धावे आणि पहिल्याच खड्ड्यात पडे. इतक्यांदा मेला की मास्तर त्याच्या तेरवीचं बोलू लागले.

"वायर इकडं ओढा नं, भाऊ! कोणीबी दाबल!" लोक ओरडत.

"पुरत नाई."

पुरत होती. मीच टाकली होती.

वसंता ओट्यावर खाटेची नवार आवळत बसे. आठ संध्याकाळी एकच खाट त्यानं इतकी आवळली की ती तंबोऱ्यासारखी वाजू लागली.

नवव्या दिवशी गडी पुन्हा खड्ड्याकडं निघाला आणि वसंताचा धीर सुटला.

"दादा, थांब नं! किती मारतं त्याले? मी म्हणलो का मंगच दाबजो!"

भाऊचं बोट जागीच थिजलं.

"हं, दाब!"

वसंतानं आपलं बटण दाबलं आणि गडी उडाला. खड्डा पार! गाव असं ओरडलं की पुलगावच्या फलाटावरून सुटलेली गाडी परत आली म्हणतात.

"आता हळू, दादा. समोर राक्षस हाय. थांब... अरे, थांब नं!"

भाऊनं बटणावरचं बोट काढलंच नाही. गडी सरळ राक्षसावर जाऊन आपटला.

"लक्ष कुठं हाय तुयं?" वसंता करवादला.

भाऊची टीव्हीकडं पाठ होती.