भास्कररावांचं एकच गाणं

हैदराबादेत, नल्लकुंट्यात आमच्या खालच्या मजल्यावर राहणारे भास्करराव रोज दुपारी चारला बंद खोलीत कुणाला तरी म्हणायचे, "हौ, घेऊ. बस तू." खोलीत त्यांच्याशिवाय कुणी नसायचं. मी पुण्याहून आलेला, घरून काम करणारा माणूस. पहिला आठवडा चपापलो, मग सवय झाली. म्हणजे चार वाजता बाहेर पडायची सवय झाली.

भास्करराव पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, एकटे, आणि एका गाण्याच्या पायी वाया गेलेले. गाणं अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या रॉकमधलं, संथ. घर सोडून निघालेला मुलगा मागे राहणाऱ्यांची समजूत काढतो. "दक्षिणेकडचं" ऐकून मला आधी ते तेलुगूच वाटलं होतं. मूळ बँडचं त्यांच्याकडे होतंच, शिवाय इतरांनी गायलेली तीसएक. चर्चमधल्या बायकांचं, कुण्या जपानी मुलीचं, आणि बेगम बाजारातल्या वरातीच्या बँडकडून यांनी स्वतः वाजवून घेतलेलं एक. त्यात क्लॅरिनेटवाल्याला भरून आलं की तो सवयीने नाचाच्या ठेक्यावर घसरतो.

"याला दुःख झालं की हा नाचतो मियाँ," भास्करराव कौतुकाने सांगत.

निकाल मात्र सगळ्यांना एकच: "अच्छा है, पण घाई केली." गिटार थांबल्यावर पुढची शांतताही ऐकायची, हा त्यांचा दंडक. एकदा त्यांच्याकडे ऐकायला बसलेलो असताना गाणं संपलं म्हणून मी उठलो, तर चार दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

मग एका दुपारी ते स्वतः जिना चढून आले. हातात जुनी कॅसेट.

"तुम्ही कॉम्प्युटरवाले. टेप अडकायला लागली. तुटायच्या आत उतरवून द्या."

कॅसेटवर निळ्या शाईत लिहिलं होतं: भास्कर गिटार, मधू आवाज. मधू त्यांचा धाकटा भाऊ. दोघांनी अंबरपेठेतल्या एका लहानशा स्टुडिओत हेच गाणं गायलं होतं. तिथून मधू स्कूटरवर पुढे निघाला, तो घरी पोचलाच नाही. त्याचा आवाज एवढ्याच टेपेवर होता.

"वाजवली की झिजते," भास्करराव म्हणाले. "म्हणून दिवसभर बाकीच्यांची ऐकतो. चारला हिचा फक्त शेवट."

मी हेडफोन लावले. गिटार थांबलं. शांतता. मग एक कोवळा आवाज: "दादा, अजून एकदा घेऊ?" आणि तरुण भास्करराव, कंटाळलेले: "नक्को रे. बस झालं. निघ तू."

पुन्हा शांतता. आणि भिंतीपलीकडून आल्यासारखं, अगदी पुसट: "दादा, अजून एकदा घेऊ?"

खरं सांगतो, मी दाराकडे पाहिलं. मग जाणकाराचा आव आणून त्यांना समजावलं, की जुन्या टेपेच्या गुंडाळीत एका वेढ्यावरचा आवाज शेजारच्या वेढ्यावर उमटतो. दुसरं काही नाही.

"ठाऊक आहे," ते म्हणाले. "मीही इंजिनिअरच."

"मग तेवढं साफ करून टाकू?"

त्यांनी हेडफोन माझ्या डोक्यावरून अलगद काढून घेतले.

"नक्को. मी तसं तोडून बोललो, तरी तो परत विचारतो. रागावून गेला असता, तर विचारलं असतं का त्याने?"