सोहोनींच्या घरातली माणसं

हिंजवडीत नोकरी लागली म्हणून मी यवतमाळहून पुण्याला आलो आणि कोथरूडला भाड्याने फ्लॅट घेतला. पहिल्याच रविवारी शेजारच्या घरातून चार पुरुषांचं भांडण ऐकू आलं. एक दरडावत होता, एक गयावया करत होता, तिसरा तोतरा होता आणि चौथा बहुधा कीर्तनकार. न राहवून मी बेल वाजवली. लेंगा-बनियनमधल्या एका म्हाताऱ्या गृहस्थांनी दार उघडलं.

"बाकीचे कुठे आहेत?" मी विचारलं.

"चौघंही मीच. काही अडचण?"

हे विनायकराव सोहोनी. बँकेतली नोकरी सांभाळून उभी हयात नाटकांत गेलेली. आवाज खर्जातला, जात्यात खडा अडकल्यासारखा. त्या आवाजामुळे नायक कधीच झाले नाहीत. पण सावकार, न्यायाधीश, खुनी, वेडा, आणि एकदा ऐनवेळी नायिकेची आत्यासुद्धा झाले. प्रेक्षकांना त्यांचं नाव आठवत नसे. 'तो आवाजवाला' म्हणत.

"नाव काय, रेशनकार्डावरही असतं," काका म्हणायचे.

कुणी पोकळ बोललं की ते म्हणत, "वाक्य पडलं तुमचं." मी एकदा सौजन्याने म्हणालो, "काका, काही लागलं तर नक्की सांगा."

"वाक्य पडलं. दळण आणता का?"

तेव्हापासून त्यांचं दळण मी आणू लागलो.

क्रेडिट कार्ड घ्या म्हणून रोज फोन यायचे. काका रडवेल्या आवाजात सांगत, "विनायक गेला हो! मी त्याचा थोरला भाऊ. कार्ड तेराव्याला घेऊन या." एका बिचारीने खरंच पत्ता विचारला होता.

असाच एकदा दळण घेऊन गेलो, तर मुंबईहून एक दिग्दर्शक आले होते. नव्या वाहिनीवरच्या मालिकेत आजोबांचं काम होतं. आजोबांभोवतीच सगळी गोष्ट फिरणार होती. काकांनी चष्मा लावला आणि पहिलं पान वाचलं. वाचता वाचता खोलीत कुणी दुसराच थकलेला माणूस येऊन बसला. दिग्दर्शक टक लावून बघत राहिले. मग काकांनी कागद नीट जुळवून परत दिले.

"चांगलं लिहिलंय. दुसऱ्या कुणाला तरी द्या."

"काका, काकूंसाठी घरी नर्स ठेवू. शूटिंगच्या तारखा तुमच्या सोयीने लावू."

"माझं एक काम चालू आहे. त्यात बदली चालत नाही."

दिग्दर्शक गेल्यावर मी चिडलो. "अहो काका, जन्मभर ज्याची वाट पाहिली, ते घरी चालत आलं होतं!"

तेवढ्यात आतून हाक आली, "दादा, भूक लागलीये रे."

विमलकाकू आजारी आहेत, एवढंच मला ठाऊक होतं. काका हळू आवाजात म्हणाले, "मला ओळखत नाही आता. परका पुरुष समजून किंचाळते. फक्त तिच्या दादाच्या हातून जेवते. तो जाऊन फार वर्षं झाली."

त्यांनी दहीभात कालवला, घसा साफ केला आणि आत गेले. मी दाराशीच थांबलो. आतून आलेला आवाज मी कधी ऐकला नव्हता. सानुनासिक, घाईघाईचा, कोकणातला.

"ये विमल, आ कर बघू."

"दादा, मी इथे आहे हे ह्यांना कळवलंस ना?"

"कळवलं गो. दौऱ्यावर आहेत. येतील."

"रागावतील ते."

"छे! त्यांचा फार जीव आहे तुझ्यावर."

काकू घास तोंडात घोळवत राहिल्या. मग म्हणाल्या, "कधी बोलले नाहीत."

काकांचा हात ताटातच थांबला. दादाचा आवाज क्षणभर खाली घसरला, मग सावरला.

"आयुष्यभर दुसऱ्यांची वाक्यं बोलले ना गो. स्वतःचं राहूनच गेलं."

"खरंच जीव आहे?"

"खरंच."

काकू हसल्या आणि त्यांनी पुढच्या घासासाठी तोंड उघडलं.