गोष्टाबादची चक्की

दत्तोपंतांना कोणतीही खरी बातमी सांगायची म्हणजे आधी मुठीत ज्वारी घ्यावी लागे. व्रताची कहाणी ऐकताना बायका हातात अक्षता धरतात ना, तसे चार दाणे ते समोरच्याच्या मुठीत कोंबत आणि उजवा हात हवेत गरगर फिरवू लागत. हातात काही नसे. पंतांच्या मते मात्र त्या हातात चक्कीचा खुंटा असे, आणि ती चक्की गोष्टाबादच्या भर चौकात मांडलेली असे.

गोष्टाबाद हा पंतांचा मुलूख. तिथे नुसत्या घडलेल्या गोष्टीला किंमत नाही. गोष्ट चक्कीत टाकायची, दळायची, आणि जे पीठ पडेल तेच खरे घडलेले. हरलेली लढाई टाकली तर दोन्ही सैन्ये एका पंगतीला जेवायला बसलेली निघत. कोरड्या विहिरीची गोष्ट दळली की खालून पोहरा बुडाल्याचा आवाज येई. मूठ मात्र गोष्ट संपेपर्यंत सोडायची नाही, नाहीतर चक्की अडते. "ठैरो, अजून पीठ पडलं नाही," हे त्यांचे पालुपद. कोणी म्हणाले, पंत, हे खरे नाही, तर म्हणत, "हौ बाबा. पण खरं म्हणजे कच्चं धान्य. कच्चं कोण खातो?"

ऐकून माझे डोके फिरे. मी चळवळीचा माणूस. सारा देश स्वतंत्र झाला होता, आमचे हैदराबाद संस्थान तेवढे अडून बसले होते. मलकपेठेत एका गोठ्यामागे आमची पत्रके छापली जात, आणि इकडे नारायणगुड्यात माझ्या शेजारी हा गृहस्थ हवा दळत बसे. त्यात पंत कोर्टातले निवृत्त तर्जुमेवाले. उर्दू कागदाचे मराठी त्यांच्याइतके साफ कोणाला जमत नसे, म्हणून मजकूर त्यांच्याकडेच न्यावा लागे. एकदा तहसीलदाराने शेतकऱ्यांच्या शेळ्या ओढून नेल्याचे कागद दिले आणि घाईत, न वाचताच, त्यांचे मराठी छापून टाकले. त्यात तहसीलदार कडुनिंबावर चढला होता आणि शेवटची शेळी परत जाईपर्यंत त्याला खाली उतरता येत नव्हते. दोन गावांतली माणसे ते झाड कुठे आहे म्हणून विचारीत आली. आमच्या सगळ्या पत्रकांत लोकांनी पुन्हा मागितलेले तेवढे एकच, हा संताप वेगळाच.

माधवच्या बाबतीत मात्र माझा संयम संपला. माधव पंतांचा एकुलता मुलगा, माझा सोबती. सत्याग्रहात धरला गेला आणि तुरुंगात मार खाऊन मेला. त्याच्याबरोबरच्या कैद्याने सुटून आल्यावर मला सांगितले की पंतांना बोलावून प्रेत दाखवले, अग्नी देववला आणि तोंड मिटून राहायची ताकीद देऊन घरी पाठवले. सरकार म्हणत होते, त्याला कधीच सोडले, गेला असेल कुठेतरी. बापाने स्वतःच्या नावाने जबानी दिली तरच ते खोटे पडणार होते. मी रोज जाई. रोज ज्वारी. रोज तुरुंगाची भिंत भाकरीची होई, माधव ती मोडून खात खात बाहेर पडे, आणि माधवची आई, आमच्या काकू, कोपऱ्यात मुठीत दाणे धरून ऐकत बसत.

शेवटी एकदा, काकू देवळात गेल्या असताना, मी मुठीतली ज्वारी पंतांच्या पुढ्यात टाकली. म्हणालो, "पंत, तुमची चक्की आणि सरकार एकच पीठ पाडतात."

हात थांबला. मग कोर्टात सांगावे तसे, एकही शब्द न फिरवता, त्यांनी सगळे सांगितले. पाठीवरचे वळ. मोडलेले बोट. मी लिहून घेतले, त्यांनी खाली सही केली.

"नाव छाप," म्हणाले. "फक्त हिला कोणी वाचून दाखवू नका. हिला अक्षर येत नाही."

ते तोंड धुवायला परसात गेले आणि मी वळलो, तो काकू दारात उभ्या. मी कागद लपवू लागलो.

"राहू दे रे," त्या हळूच म्हणाल्या. "त्या दिवशी हे भर दुपारी आले, आणि कपड्यांसकट अंगणात अंघोळ केल्याशिवाय उंबरा ओलांडला नाही. म्हणे, ऊन फार होतं. मसणातून आलेलं माणूस मला कळत नाही होय? एवढी चक्की फिरवणारा माणूस, अंघोळ तेवढी दळायची विसरला."

मग रोज दाणे कशाला धरता, मी विचारले.

"मूठ सोडली तर चक्की अडते ना. मग दिवसभर त्या हातानं काय करतील ते? तू छाप. यांना मात्र सांगू नकोस मला ठाऊक आहे म्हणून."

पंत तोंड पुसत आले. काकू आपल्या कोपऱ्यात जाऊन बसल्या आणि त्यांनी हात पुढे केला. पंतांनी त्यांना दाणे दिले, मग माझ्याकडे वळले. जबानी माझ्या खिशात होती, मलकपेठेत माणसे खोळंबली होती.

"ठैरो," पंत म्हणाले.

मी वैतागलोच. पण खाली बसलो आणि मूठ पुढे केली.